पटिशच्या चार रेकॉर्डी

तेल अविव, १४ नोव्हेंबर १९७७

रूथ आत्या,

तुझ्या पिन्हासचा शालोम. पार्सल जपून उघड, आत आमच्या बँडची पहिली रेकॉर्ड आहे. कव्हरवरच्या चौघांत डावीकडून दुसरा, केस खांद्यापर्यंत आणि चेहरा सुतकातला, तो मी. फोटो काढणाऱ्याने हसू नका असं बजावलं होतं. बँडचं नाव 'पटिश'. तुझं हिब्रू अजून बाजारापुरतंच आहे म्हणून सांगतो, पटिश म्हणजे हातोडा.

या संगीताला हेवी मेटल म्हणतात. तू काय म्हणशील ते मला ठाऊक आहे, तरी एकदा ऐक. मी जाड तारांची गिटार वाजवतो, तिला बास म्हणतात. योराम ड्रम बडवतो. पहिल्याच गाण्यात जो लोखंडी दणका येतो तो खऱ्या पत्र्याचा आहे. बाबांच्या वर्कशॉपमधून विमानाचा एक टाकाऊ पत्रा मी मागून आणला आणि योरामने त्यावर हातोडी चालवली. बाबा आयुष्यभर जे करत आले तेच आम्ही गाण्यात घातलं. मला वाटलं होतं, त्यांना बरं वाटेल.

तिथेच घोडं अडलं. मागच्या मंगळवारी लोदच्या मतनासमध्ये, म्हणजे तिथल्या वस्तीच्या हॉलमध्ये, आमचा कार्यक्रम होता. बाबा कामावरून थेट आले आणि पहिल्या रांगेत, पुरुषभर उंचीच्या स्पीकरच्या अगदी शेजारी बसले. पहिलं गाणं सुरू झालं आणि त्यांनी स्पीकरला हात लावला. मग माझ्याकडे बघत बोटं ओठांवर ठेवली. गप्प बस, असं. लहानपणी मी घरात धिंगाणा घातला की करायचे तसंच. एकदा नाही, तीनदा. डोळ्यांवर दिवे होते तरी मला ते स्पष्ट दिसलं. तिसऱ्या वेळी माझी बोटं तारांवरून घसरली.

घरी जाऊन विचारलं, बाबा, कसं वाटलं. पेपरातून मान वर केली नाही. पुन्हा विचारलं, तरी नाही. हल्ली माझ्याशी ते असेच असतात.

आई गेल्यावर तीन वर्षं तू मला येरुहामला ठेवून घेतलंस. मराठी विसरू नये म्हणून रोज एक पान लिहायला लावायचीस आणि चुकलं की जेवणाआधी परत लिहून घ्यायचीस. त्याचे उपकार आज कळतात, कारण ही गोष्ट मला हिब्रूत कोणाला सांगता आली नसती. तू बाबांना विचार. तुला ते सांगतील. ज्या माणसाने दोन-दोन पाळ्या करून मला वाढवलं, त्याच्या कानांना त्रास देऊन मला वाजवायचं नाही.

तुझा,
पिन्हास

*

येरुहाम, २२ नोव्हेंबर १९७७

सॉलोमन,

शालोम आणि त्यापुढे फार गोड काही नाही. तू पोराशी बोलत का नाहीस? तो विचारतो आणि तू पेपर वाचतोस. असा कोणता पेपर आहे तो, मलाही पाठव.

त्याची रेकॉर्ड आली. माझ्याकडे यंत्र नाही म्हणून शेजारच्या शोशीकडे नेली. तिची मांजर कपाटाखाली गेली ती संध्याकाळपर्यंत बाहेर आली नाही. मला विचारशील तर मलाही त्यातलं ओ की ठो कळलं नाही. पण आपल्या पोराने केलं आहे, तर डोकं धरून का होईना, दोन्ही बाजू ऐकल्या. आणि तू भर हॉलमध्ये त्याला तीनदा ओठांवर बोट ठेवून गप्प बस म्हणालास. तुझी बायको असती तर तुला अर्ध्या गाण्यात बाहेर काढलं असतं.

शाळेच्या स्वयंपाकघरात दोनशे पोरांचं रांधून मी घरी येते, त्यानंतर हे लिहिते आहे. तेव्हा उत्तर टाळू नकोस.

रूथ

*

लोद, १ डिसेंबर १९७७

रूथबाय,

तू बोलायचं आणि मी ऐकायचं, अशी आपली लहानपणापासूनची रीत. आता ऐकण्याचेच वांधे झाले आहेत. ते आज लिहून टाकतो.

माझे कान गेले. डावा पुरता गेला, उजव्याला जड आवाज तेवढा कळतो. पंचवीस वर्षं मुंबईच्या गोदीत रिव्हेटचे खिळे ठोकले, बारा वर्षं इथे विमानाच्या पत्र्यावर ठोकतो आहे, कान लोखंडाचे थोडेच असतात. आधी चिमण्या गेल्या. मग बायकांची बोलणी. मग दाराची घंटा. आता पिन्हास मागून बोलला तर तो घरात आहे हेच मला कळत नाही. पेपर वाचत नव्हतो गं. त्याने विचारलं हेच तुझ्या पत्रावरून कळलं.

वर्कशॉपमध्ये वर्षातून एकदा तपासणी असते. पांढऱ्या कोटातली मुलगी कानांवर डबे लावते आणि आवाज आला की बोट वर करायला सांगते. तिच्या मागे काचेचं कपाट आहे. त्यात तिचा अंगठा बटणावर दाबलेला दिसतो, मी बोट वर करतो. सहा वर्षं पास होतो आहे. कळलं तर कामावरून काढतील किंवा झाडू हातात देतील. एप्रिल १९८४ ला माझी पेन्शन लागते. तोवर निभावायचं.

आता मतनासचं. मी तिथे जाऊन बसलो तेव्हा रोजच्यासारखा कापसात बसल्यागत बसलो होतो. लोक तोंडं हलवत होते. मग पिन्हासने ती जाड तार ओढली आणि रूथबाय, मला ऐकू आलं. छातीत ऐकू आलं. त्या स्पीकरवर हात ठेवला तर दणका कोपरापर्यंत चढला, आणि त्यात माझा पत्रा वाजत होता. दुसऱ्या कोणाला कळला नसेल, मला कळला. सिनेगॉगमध्ये आपण एकमेकांचे हात हातात घेतो आणि मग आपली बोटं ओठांना लावतो, तसा माझा हात आपोआप ओठांकडे गेला. गप्प बस कसलं म्हणतो मी. तीन वेळा गेला कारण तीनदा राहवलं नाही.

चार वर्षांत मी ऐकलेली ती एकच गोष्ट आहे. माझ्या पोराने वाजवलेली. देवाचे आभार कसे मानू ते मला समजत नाही.

पण त्याला यातलं काही सांगू नकोस. एलियाहू हन्नाबीची, आपल्या प्रेषिताची, आण घालतो तुला. मुलगा गाणारा-वाजवणारा निघाला आणि बाप बहिरा, हे त्याला कोणत्या तोंडाने सांगू. शिवाय त्याचा स्वभाव तुला माहीत आहे. उद्या वर्कशॉपमध्ये येऊन साहेबाशी भांडेल.

सॉलोमन

*

येरुहाम, १२ डिसेंबर १९७७

पिन्हास बाळा,

तुझ्या बापाला तुझं वाजवणं आवडलं. हे मी माझ्या मनचं लिहीत नाही, त्याचं पत्र माझ्यासमोर आहे. तू पाहिलंस ते गप्प बस नव्हतं. स्पीकरला हात लावून त्याने बोटांचं चुंबन घेतलं, आपण सिनेगॉगमध्ये हात देऊन घेतो तसं. त्याहून मोठी पावती या घरात कोणाला मिळाली नाही. माझ्या लग्नातल्या जेवणाला पण नाही.

तो बोलत नाही म्हणून मनाला लावून घेऊ नकोस. लोखंडात आयुष्य गेलेली माणसं अशीच असतात. तू वाजव. आणि मोठ्याने वाजव, तुझी रेकॉर्ड ऐकून कपाटाखाली गेलेल्या शोशीच्या मांजरीची पर्वा करू नकोस.

आत्या

*

तेल अविव, ६ मे १९७९

रूथ आत्या,

दीड वर्ष पत्र नाही म्हणून शिव्या दे, खातो. मध्ये मिलुइमला, म्हणजे राखीव सैनिकाच्या ड्युटीला, दोनदा जावं लागलं. उरलेला वेळ या दुसऱ्या रेकॉर्डीत गेला. ती सोबत आहे. मांजरीला सांग, आता कपाटाखाली जायची गरज नाही.

तू माझं मन राखायला लिहिलंस हे मला तेव्हाच कळलं होतं. स्पीकर म्हणजे काय सिनेगॉगमधली पवित्र पोथी, सेफेर तोरा आहे, त्याला हात लावून कोण बोटं ओठांना लावतं? पण तू माझ्यासाठी खोटं बोललीस, तेही इतकं सुंदर, त्याबद्दल तुझा ऋणी आहे.

म्हणून या खेपेला मी हात आवरता घेतला. पत्रा काढून टाकला. गाणी लांब आणि संथ केली, ऑर्गन आणला, बास मागे नेला. योराम कुरकुरला. म्हणाला, पटिशमधून पटिशच काढलास. पण ऐकणारे वाढले. एका वर्तमानपत्राने लिहिलं की या मुलांना आता श्वास घेता येऊ लागला आहे.

खरी गंमत घरची. शनिवारी संध्याकाळी शब्बाताची सुटी संपल्यावर मी रेकॉर्ड लावली. बाबा स्वयंपाकघरातून चहा घेऊन आले, पाच मिनिटं खुर्चीत बसले आणि म्हणाले, "लावतोस ना?" मी हसलो. टोमणाच होता तो, पण प्रेमाचा. पहिल्या रेकॉर्डीला ओठांवर बोट, दुसरीला थट्टा. म्हणजे मी बरोबर वाटेवर आहे.

पिन्हास

*

तेल अविव, २० ऑक्टोबर १९८१

आत्या,

तिसरी पाठवतो आहे. ही हातात घेतलीस की आधी मागची बाजू बघ. खाली बारीक अक्षरांत हिब्रूत एक ओळ आहे. शोशीकडून वाचून घे. तिथे लिहिलं आहे, 'बाबांच्या कानांसाठी'.

आता आमच्यात ओरा गाते. तिचा आवाज इतका हलका आहे की योरामने काठ्या ठेवून ड्रमवर ब्रश फिरवले. मी बासची गिटारही बाजूला ठेवली. उभा मोठा बास आणला आणि तो गजाने वाजवतो, हळू, पाण्यावर हात फिरवावा इतका. काही जुने ऐकणारे रागावले. म्हणाले, हे हेवी मेटल नाही. कुठेतरी ते खरं आहे. पण दुसऱ्या बाजूने बघ. नऊ-दहा माणसांच्या स्टुडिओत आम्ही इतक्या शांतपणे बसलो होतो की एकाच्या खुर्चीचं करकरणंसुद्धा टेपवर आलं, आणि मला मोठ्याने वाजवण्यापेक्षा ते जास्त अवघड गेलं. तेवढं शिकलो ते बाबांमुळे. त्यांनी गप्प बस म्हटलं नसतं तर मी आयुष्यभर पत्राच बडवत बसलो असतो.

तेल अविवच्या कार्यक्रमाला बाबा आले. पहिल्यापासून शेवटपर्यंत हसतमुख बसले. प्रत्येक गाण्याला टाळ्या. शेवटी उभे राहून टाळ्या. चार वर्षं मी याचीच वाट बघत होतो. ओराला म्हटलं, आता आणखी काही मिळालं नाही तरी चालेल.

पिन्हास

*

लोद, २ नोव्हेंबर १९८१

रूथबाय,

पोराने कव्हरवर माझं नाव घातलं. बाबा लिहिलं आहे, म्हणजे मीच. दिवाणखान्यात कपाटावर समोर लावून ठेवलं आहे. आलेगेले बघतात.

आत काय आहे ते मला माहीत नाही. तेल अविवला दीड तास बसलो आणि एक अक्षर ऐकू आलं नाही. पिन्हास एक गज हळूहळू ओढत होता. त्या मुलीचे ओठ हलत होते. शेजारच्या माणसाच्या हातांवर नजर ठेवून मी टाळ्या वाजवत होतो, तो उठला तेव्हा उठलो. दुसऱ्या रेकॉर्डीलाही असंच झालं होतं. ती चालू आहे हे न कळून मी त्याला विचारलं, लावतोस ना, आणि तो हसला. का हसला ते आज लक्षात येतं.

माझ्यासाठी तो हळू हळू करत गेला आणि माझ्या हातून निसटत गेला. पण त्याचा चेहरा असा फुलला होता की मी काय सांगणार. दर शुक्रवारी, शब्बात लागायच्या आधी, त्याची पहिली रेकॉर्ड लावतो आणि स्पीकरवर हात ठेवून बसतो. मला तेवढी पुरे. असा मुलगा किती जणांना असतो.

कव्हरच्या आतल्या गाण्याचं मला वाईट वाटतं, पण कव्हरचं सुख मोठं आहे. तुला घातलेली आण लक्षात आहे ना? पेन्शनला अडीच वर्षं राहिली.

सॉलोमन

*

तेल अविव, ९ फेब्रुवारी १९८३

आत्या,

योराम बँड सोडतो आहे. भांडण झालं नाही. तो म्हणाला, मला जोरात वाजवायचं आहे आणि तुला तुझ्या बापाला झोप लागेल असं वाजवायचं आहे, दोघांचंही खरं. पटिश बंद करायचं ठरलं. चार रेकॉर्डींचा करार होता, चौथी होणार नाही.

मला वाईट वाटतं पण फार नाही. जे हवं होतं ते बाबांच्या चेहऱ्यावर पाहिलं. ओराच्या मामाच्या दुकानात वाद्यं दुरुस्त करण्याची नोकरी मिळते आहे, ती घेईन. ओराशी लग्न जूनमध्ये. तू यायचंसच.

पिन्हास

*

येरुहाम, १ मार्च १९८३

पिन्हास,

आज मी आण मोडते आहे. साठीनंतर देवाच्या माणसाची आण मोडायची पाळी आली, त्याचं बघून घेईन. कशासाठी ते वाच, आणि वाचल्यावर बसमध्ये बसायच्या आधी पाणी पी.

तुझा बाप बहिरा आहे. आज-काल नाही, तू पहिली रेकॉर्ड केलीस त्याच्याही आधीपासून. कामावर तपासणीच्या वेळी कपाटाच्या काचेत बघून बोट वर करतो. पेन्शनला एक वर्ष उरलं आहे म्हणून गप्प आहे आणि मलाही गप्प केलं. गेल्या आठवड्यात वर्कशॉपमध्ये मागून सामानाची गाडी आली. तिने भोंगा वाजवला, यालाच ऐकू आला नाही. घोट्याला लागलं. जिन्यावरून पडलो असं त्याने साहेबाला सांगितलं आणि मला गंमत म्हणून लिहिलं. मला ती गंमत वाटली नाही. उद्या घोट्याच्या जागी आणखी काही असलं तर मी आण घेऊन काय करू?

आता तुझं ऐक. त्याच्या कानांना त्रास होतो म्हणून तू दर रेकॉर्डीला आवाज उतरवत गेलास. त्याला त्या कानांनी फक्त पहिलीच ऐकू आली रे. तो दर शुक्रवारी स्पीकरवर हात ठेवून ती ऐकतो. मतनासमध्ये तू पाहिलंस तेही तेच होतं. मी खोटं लिहिलं नव्हतं. दुसरी वाजत होती तेव्हा 'लावतोस ना' हा टोमणा नव्हता, त्याला ती सुरू झालेली कळलीच नव्हती. आणि तिसरीला तो शेजाऱ्याचे हात बघून टाळ्या वाजवत होता. त्याची सगळी पत्रं सोबत घातली आहेत. वाच आणि परत पाठव, माझी आहेत ती.

तुला वाईट वाटेल. वाटू दे, पण जास्त वेळ नको. तू काही चुकीचं केलं नाहीस आणि त्यानेही नाही. दोघं एकमेकांना जपायला गेलात आणि पाच वर्षं एकमेकांच्या शेजारून चालत राहिलात.

मोडलेल्या आणेचा मलिदा मी पुढच्या शनिवारनंतर घालते आहे. पोहे भिजवून, गूळ-खोबरं घालून, पाच फळं मांडून, सगळं यथासांग. एलियाहू हन्नाबी समजून घेईल. त्याला सणासुदीला लोकांच्या घरी जायची सवय आहे, बाप-लेक कसे असतात ते त्याने पाहिलं असेल.

आत्या

*

लोद, ७ मार्च १९८३

रूथ आत्या,

पत्रं परत पाठवतो आहे. तीन वेळा वाचली.

काल घरी आलो. बाबा ओट्यापाशी कांदे चिरत होते, पाठ माझ्याकडे. मी दारातून हाक मारली. मग दोन पावलांवरून मारली. मग अगदी मागे उभा राहून म्हणालो, "बाबा, मला माफ करा." ते कांदे चिरत राहिले. मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला तेव्हा वळले आणि खूप खुश झाले. मी त्यांच्या हातातली सुरी घेतली आणि उरलेले कांदे चिरले.

 ते स्वतःहून सांगत नाहीत तोवर मला ठाऊक आहे हे त्यांना कळू द्यायचं नाही, असं ठरवलं आहे. पण वर्कशॉपमधल्या हिशेबनीस बाईंना मी ओळखतो. घोट्याचं निमित्त करून बाबांना सामानाच्या खोलीत बदलून घेतलं आहे, तिथे गाड्या येत नाहीत. साहेबाशी भांडलो नाही, हे मुद्दाम सांगतो.

आज सकाळी योरामला भेटलो. म्हटलं, चौथी रेकॉर्ड करायची. पत्रा आण. त्याने कारण विचारलं नाही, फक्त विचारलं की किती जोरात. मी म्हटलं, जमिनीतून चढून माणसाच्या कोपरापर्यंत जाईल इतक्या जोरात. तो हसला तेव्हा मला कळलं की मीही पाच वर्षं याच्यासाठी उपाशी होतो. ओरासुद्धा ओरडायला तयार आहे.

आत्या, आण मोडल्याबद्दल तुझे पाय धरतो.

पिन्हास

*

लोद, २५ जून १९८४

पिन्हास,

तुला मी पहिल्यांदाच पत्र लिहितो आहे. आजवर गरज पडली नाही, एका घरात राहिलो किंवा रूथबायने आपली कामं केली. पण काही गोष्टी बोलताना मला समोरच्याचे ओठ बघावे लागतात, आणि तुझे बघितले तर पुढचं जमणार नाही.

रूथबायने आण मोडली हे मला माहीत आहे. गेल्या वर्षी अचानक मलिदा पाठवला. विचारलं कशाचा, तर म्हणे बीरशेबाची बस वेळेवर आली त्याचा. त्या बसला मी ओळखतो. त्याच आठवड्यात माझी सामानाच्या खोलीत बदली झाली. म्हणजे तुला ठाऊक होतं, आणि मला ठाऊक होतं की तुला ठाऊक आहे, आणि दोघंही चहा पीत बसलो. आपण झिराडकर असेच.

तर आता माझं. एप्रिलला पेन्शन लागली. दुसऱ्याच दिवशी कुपत होलीमच्या दवाखान्यात गेलो आणि कानाचं सगळं खरं सांगून टाकलं. त्यांनी उजव्या कानाला मशीन दिलं. शेंगदाण्याएवढं आहे. तुला सांगितलं नाही. म्हटलं, चौथ्या रेकॉर्डीच्या कार्यक्रमाला मशीन लावून जायचं, पोरगं इतकी वर्षं काय करतं आहे ते एकदाचं नीट ऐकायचं, आणि मग त्याला दाखवायचं.

परवा तसाच पहिल्या रांगेत बसलो. योरामने पत्र्यावर पहिला घाव घातला आणि पिन्हास, मला वाटलं कवटीत रिव्हेट बसला. ते मशीन लहान आवाजाला मोठं करतं, मोठ्याला काय करतं ते मला कोणी सांगितलं नव्हतं. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. तू स्टेजवरून बघून हसलास, तुला वाटलं मी सद्गदित झालो. झालो होतो, पण जरा वेगळ्या कारणाने. दुसऱ्या गाण्याआधी रुमाल काढायचं निमित्त करून मशीन खिशात टाकलं आणि स्पीकरवर हात ठेवला. मग मात्र सगळं जिथल्या तिथे आलं. तुझी जाड तार, योरामचा हातोडा, ओरासुद्धा काय ओरडली, तिचं मला थोडं ऐकू आलं. पहिल्या रेकॉर्डीपेक्षा ही भारी आहे. पहिलीत तुम्ही नुसते ठोकत होतात. हिच्यात कुठे ठोकायचं आणि कुठे हात उचलून धरायचा हे तुम्हाला कळलं आहे. हे मी रिव्हेटवाला म्हणून सांगतो, त्यातलं मला समजतं.

हे हात उचलून धरणं तू मधल्या दोन रेकॉर्डींत शिकलास, असं रूथबाय म्हणते. म्हणजे त्या वाया गेल्या नाहीत.

काल घर शांत होतं. कपाटावरचं ते कव्हर काढलं, तीन वर्षं ज्याला नुसतं पुसत आलो ते. आतली रेकॉर्ड कोरी करकरीत होती. मशीन लावलं आणि सुई ठेवली.

आधी काहीच नाही. मग एक खुर्ची करकरली. मग अगदी जवळ, माझ्या कानात, कोणीतरी श्वास घेतला आणि हळूच मोजलं. एक, दोन, तीन, चार. मराठीत. टेपवर ते राहून गेलं असावं, तुलाही माहीत नसेल. इतकी इस्रायली पोरं-पोरी भोवती बसलेली आणि तू मराठीत मोजलंस.

अकरा वर्षांनी तुझा आवाज ऐकला रे. शेवटचा ऐकला तेव्हा तू अठरा वर्षांचा होतास. आता तो बापासारखा झाला आहे.

मला आभाराची भाषा येत नाही. एकाच माणसासाठी तू एक रेकॉर्ड तो बहिरा म्हणून केलीस आणि एक त्याला ऐकू येतं म्हणून केलीस, आणि दोन्ही त्याला मिळाल्या. सगळ्या गोदीत, सगळ्या वर्कशॉपमध्ये इतकं कोणाला मिळालेलं मी पाहिलं नाही. देवाचा ऋणी आहे आणि तुझा पण.

चारच्या पुढे मी अजून गेलेलो नाही. तिथे आलो की सुई उचलतो आणि परत पहिल्यापासून ठेवतो. सकाळपासून तेच चाललं आहे. गाणं राहिलं आहे. शुक्रवारी ओराला घेऊन ये, मग पुढचं आपण मिळून ऐकू.

तुझा बाबा,
सॉलोमन